धुराला वाट कोणी द्यायची?



संयोजकांनी फोनवर विषय विचारला तेव्हा मी एका शब्दात सांगितलं, चूल. पलीकडे थोडा वेळ शांतता. मग अदबीनं प्रश्न आला, "म्हणजे खाद्यसंस्कृतीवर बोलणार का?" नाही, खाद्यसंस्कृतीवर बोलणारे पुष्कळ आहेत. हायवेला लागलं की 'चुलीवरचं मटण' अशा पाट्या ओळीनं भेटतात आणि गाडी थांबवून आपण तिथं कौतुकानं जेवतोही. त्या चुलीपुढं बसलेल्या बाईचे डोळे कसे झालेत हे मात्र बिलावर छापलेलं नसतं. मला बोलायचंय ते चुलीच्या नियमांबद्दल. घरात लाकूड जाळायचं तर काय काय सांभाळायला हवं, ते कोणी ठरवायचं, आणि मुख्य म्हणजे ते कोणी पाळायचं?

तुमच्यापैकी काही जण मनात म्हणत असतील की आता कुठं राहिली चूल? गॅस आला ना घरोघरी. आला, खरंच आला. उज्ज्वला योजना 1 मे 2016 रोजी बल्लियाला सुरू झाली आणि तिची आठ कोटीवी जोडणी सप्टेंबर 2019 मध्ये आपल्या औरंगाबादेत दिली गेली. हे मोठं काम आहे. पण 2019 ते 2021 या काळात झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात स्वयंपाकासाठी स्वच्छ इंधन वापरणारी कुटुंबं देशभरात 58.6 टक्के निघाली. म्हणजे दहातली चार घरं तेव्हाही लाकूड, गोवऱ्या, तुराट्या, पऱ्हाट्यांवरच. आणि उरलेल्या सहांमध्येही चूल मोडली गेलीय असं समजू नका. गॅस चहाला, पाहुण्यांना, पोराच्या डब्याला. भाकरीला आणि आंघोळीच्या पाण्याला चूल. सिलिंडर संपला आणि हातात पैसे नसले की महिनाभर नुसती चूलच. सर्वेक्षणाच्या कागदावर त्या घरापुढं 'गॅस' अशी एकच खूण पडते.

म्हणून चूल गेली असं धरून चालणं हा शहरी माणसाचा भाबडेपणा आहे. ती आहे आणि अजून बराच काळ राहणार आहे. तेव्हा तिच्याशी नीट वागायचं कसं, एवढाच प्रश्न उरतो.

आता पहिली गोष्ट. धूर म्हणजे काय? धूर म्हणजे न जळलेलं जळण. लाकूड थेट पेटत नाही. ते तापलं की त्यातून वायू निघतात आणि ज्वाला दिसते ती त्या वायूंची. लाकडातला बराच मोठा भाग असा वायू होऊन जळतो, निखारे उरतात ते बाकीच्याचे. या वायूंना पुरेशी हवा आणि पुरेसा ताव मिळाला तर धूर जवळजवळ दिसत नाही. नाही मिळाला तर तेच जळण पिवळट करड्या लोटानं छपरापर्यंत जातं, भिंतीवर बसतं आणि फुप्फुसातही. बाई फुंकणीनं फुंकते तेव्हा ती नेमकं हेच करत असते, हवा आणि ताव पुरवत असते. फक्त त्यासाठी तिला तोंड चुलीच्या तोंडाशी न्यावं लागतं.

यातला सगळ्यात स्वस्त नियम सरपणाचा. नुकत्या तोडलेल्या लाकडाचं निम्म्याच्या आसपास वजन पाण्याचं असू शकतं. अशी दहा किलोची मोळी डोक्यावर घेतली तर पाच किलो पाणीच वाहून आणलं की नाही? आणि चुलीत घातल्यावर ते पाणी उकळून घालवायला पुन्हा जळणच खर्ची पडतं, ताव उतरतो, धूर वाढतो. इंग्लंडमध्ये 1 मे 2021 पासून दोन घनमीटरपेक्षा कमी मापात विकल्या जाणाऱ्या लाकडात ओलावा 20 टक्क्यांहून जास्त नसावा असा नियम आहे. आपल्याकडं हा नियम आज्जीला तोंडपाठ होता. उन्हाळ्यात ढलप्या फोडून, रचून, पावसाआधी पडवीत किंवा माळ्यावर चढवल्या नाहीत तर जुलैत काय होतं हे तिला कोणी शिकवायची गरज नव्हती. फरक इतकाच, की तिथं ओलं लाकूड विकणाऱ्याला दंड होतो आणि इथं ओलं लाकूड जाळणारीला ठसका लागतो.

दुसरी गोष्ट धुराड्याची. इथं मी जरा रेंगाळणार आहे, कारण माझ्या मते चुलीचं सगळं राजकारण धुराड्यात आहे.

लंडनची गोष्ट घ्या. तिथं घरोघरी शेकोटीची जागा भिंतीत आणि तिच्यावर विटांचं धुराडं. आत काजळी साचते. साचली की धूर कोंडतो, आणि कधीतरी ती काजळीच पेट घेते. मग धुराड्यातून छपराला आग. म्हणून धुराडं साफ करायलाच हवं. पण धुराडी होती अरुंद आणि वाकडीतिकडी. त्यात शिरणार कोण? लहान मुलं. गरिबांची आणि अनाथ मुलं विकत घेतल्यासारखी कामाला लावली जात. ती गुडघे आणि कोपरं घासत धुराड्यात वर चढत. 1775 मध्ये पर्सिव्हल पॉट या शल्यचिकित्सकानं लिहून ठेवलं की हे काम करणाऱ्यांना पुढं अंडकोशाच्या कातडीचा कर्करोग होतो आणि त्याला कारण काजळी. धंद्यामुळं कर्करोग होतो हे जगात प्रथम नोंदलं गेलं ते असं, घरातल्या धुराड्यामुळं.

मग कायदे झाले का? झाले की! 1788 मध्ये झाला, 1840 मध्ये झाला. 1840 च्या कायद्यानं तर एकवीस वर्षांखालच्या कोणालाही धुराड्यात चढवायला बंदी घातली. पाळला कोणी? फारसं कोणी नाही. मुलं चढतच राहिली, गुदमरून मरतच राहिली. 1875 साली नवा कायदा आला. धुराडं साफ करणाऱ्याला दरवर्षी पोलिसांकडून परवाना घ्यायला लावला, आणि तिथं गाडं रुळावर आलं. तपासणारा माणूस नेमला गेल्यावर नियमाला अर्थ आला. हे लक्षात ठेवा, आपल्याला पुढं लागणार आहे.

आज इंग्लंडमध्ये घरात लाकडाची शेगडी बसवायची तर काय काय करावं लागतं, ते लंडन-बर्मिंगहॅमकडं राहणारे आपले मराठी भाऊबंद सांगतील. जुनं घर घेतलं आणि बैठकीतल्या शेगडीच्या प्रेमात पडले, की पाठोपाठ कागद येतात. शेगडी नोंदणीकृत कारागिरानं बसवायची, नाहीतर स्थानिक प्रशासनाला आधी कळवून तपासून घ्यायची. त्या खोलीत कार्बन मोनॉक्साइडचा भोंगा लावायचा. गाव धूरबंदीच्या क्षेत्रात असेल तर ठराविक शेगड्याच चालतात, आणि धूर दिसला तर 175 ते 300 पौंड दंड. डिसेंबर 1952 मध्ये धुरानं भरलेल्या धुक्यात लंडननं पाच दिवसांत हजारो माणसं गमावली, त्यातून 1956 चा स्वच्छ हवा कायदा आला. तो धूर मुख्यतः कोळशाचा होता हे खरं, पण कायद्यानं हात घातला तो घरातल्या शेकोटीपर्यंत.

अमेरिकेत तर धुराड्याची उंची तोंडी हिशेबात बसवलीय. छपराला जिथं भोक पाडलंय तिथून किमान तीन फूट वर, आणि दहा फुटांच्या आत जे काही उंच असेल त्याच्यापेक्षा दोन फूट जास्त. का? कारण वारा छपरावरून उलटा वळतो आणि आखूड धुराड्यातला धूर परत घरात लोटतो. प्रमाणित नसलेली शेगडी लाकडी भिंतीपासून तीन फूट दूर ठेवा, हेही तिथल्या नियमांत आहे. त्यामागचं कारण समजून घेण्यासारखं आहे. लाकूड वर्षानुवर्षं तापत राहिलं की ते आतून कोळशासारखं होत जातं आणि मग पूर्वीपेक्षा कमी उष्णतेला पेट घेतं. दहा वर्षं काही झालं नाही म्हणून अकराव्या वर्षी होणार नाही, असं चुलीजवळच्या कुडाबद्दल म्हणता येत नाही. आपल्या कोकणात, मावळात कुडाच्या भिंतीला खेटून चुली आहेत, वर गवताचं किंवा झावळ्यांचं छप्पर आहे. शेणामातीचा जाड थर सलग लिंपलेला असेल तोवर ठीक. तो पोपडला की धोका सुरू.

आता तुम्ही म्हणाल, हे श्रीमंत देशांचे लाड झाले. तिकडं शेगडी ऊब घ्यायला, इकडं चूल पोट भरायला. मान्य. पण मग आपल्याकडं कोणी काही केलंच नाही का? भरपूर केलं! आणि ती गोष्ट आपल्याच महाराष्ट्रात सुरू होते. वर्ध्याच्या मगनवाडीत, ग्रामोद्योग संघाच्या कामातून, मगन चूल नावाची धुराड्याची चूल निघाली. 1950 च्या दशकात हैदराबादच्या प्रयोगशाळेत एस. पी. राजू यांनी निर्धूर चुलीवर काम केलं. 1980 च्या दशकात केंद्र सरकारनं सुधारित चुलींचा राष्ट्रीय कार्यक्रम काढला आणि 2002 मध्ये तो बंद होईपर्यंत देशात तीन कोटींहून अधिक चुली बसवल्या. पुण्यात डॉ. आनंद कर्वे यांच्या आरती या संस्थेनं 'लक्ष्मी', 'भाग्यलक्ष्मी' अशा चुली तयार केल्या, साचे करून कुंभारांना शिकवल्या. म्हणजे बुद्धी होती, तळमळ होती, पैसाही होता.

मग त्या तीन कोटी चुली गेल्या कुठं?

अकोले तालुक्यातल्या एका घरात मी हाच प्रश्न विचारला होता. चुलीमागं भिंतीत गोल खूण दिसत होती, नव्या मातीनं बुजवलेली. बाई म्हणाली, "व्हतं की धुराडं. पावसात पाणी उतरायचं त्यातनं, चूल विझायची. मालकांनी काढून टाकलं. पाइप हाय ना, त्यो बघा." पाइप गोठ्याशेजारी आडवा पडला होता, सिमेंटचा, चांगला हातभर लांब तुकडा, आणि त्याच्यावर दोन कोंबड्या बसल्या होत्या. पाइपावरची टोपी वाऱ्यानं गेली होती. ती कुठं मिळते, केवढ्याला मिळते, कोण बसवतं, हे त्या घरात कोणालाच ठाऊक नव्हतं. काही रुपयांची टोपी मिळाली नाही म्हणून सगळी चूल पुन्हा जुन्या वळणावर गेली.

धुराडं साफ करायला छपरावर चढावं लागतं. कौलं फुटतात. बाईनं लुगडं-साडी नेसून चढायचं? पुरुष म्हणणार, बघू रविवारी. दोन महिन्यांत पाइपात काजळीचा थर बसतो, ओढ कमी होते, धूर चुलीच्या तोंडातून उलटा येतो आणि लोक म्हणतात, सरकारी चूल जास्त धुरते. बरोबरच म्हणतात! साफ न केलेलं धुराडं नसल्यापेक्षा वाईट असू शकतं.

आणि भाकरी? निर्धूर चुलीच्या पहिल्या आराखड्यांमध्ये किती जणांनी भाकरीचा विचार केला असेल? तव्यावरची भाकरी उतरवून चुलीच्या तोंडाशी, निखाऱ्यांपुढं उभी करतात, तिथं ती फुगते. जळणाची बचत व्हावी म्हणून चुलीचं तोंड अरुंद केलं की भाकरी उभी करायला जागाच उरत नाही. मग बाई हातोडी घेते आणि तोंड मोठं करते. झाली बचत! शिवाय मागच्या वैलावर आमटी रटरटत राहायला हवी. धुराड्यानं ताव ओढून नेला तर वैल थंड. अभियंत्यानं धूर मोजला, बाईनं जेवण मोजलं. दोघांचंही मोजमाप बरोबर होतं, पण त्यांची गाठ पडायला फार वेळ लागला. आरतीसारख्या संस्थांनी गावात राहून ती घालून दिली, म्हणून त्यांचं नाव घेतलं.

आज आपल्याकडं चुलीला भारतीय मानकही आहे. आयएस 13152, 1991 चं, 2013 मध्ये सुधारलेलं. पंख्याशिवायच्या चुलीनं जळणातली निदान 25 टक्के उष्णता भांड्यापर्यंत पोचवावी, पंख्याच्या चुलीनं 35 टक्के. जुन्या तीन दगडांच्या चुलीत ती दहाच्या आसपास असते, तेव्हा ही अपेक्षा चांगलीच म्हणायची. पण हे मानक चुलीचं आहे. स्वयंपाकघराचं नाही, छपराचं नाही, टोपीचं तर नाहीच. प्रयोगशाळेत कोरडं, मापात कापलेलं लाकूड घालून चूल पास होते. तिथं पाऊस पडत नाही, तिथं पोर कडेवर नसतं.

जागतिक आरोग्य संघटनेनं 2014 मध्ये जे मार्गदर्शक आकडे दिले, ते मला या बाबतीत फार बोलके वाटतात. सूक्ष्म कणांचं उत्सर्जन चुलीला धुराडं नसेल तर मिनिटाला 0.23 मिलिग्रॅम आणि धुराडं असेल तर 0.80 मिलिग्रॅम, अशी लक्ष्यं आहेत. म्हणजे धुराला वाट करून दिली की चुलीला साडेतीनपट सवलत! चूल कितीही हुशार बनवा, धुराड्याइतकी मदत तिला दुसरं कोणी करत नाही. अर्थात धुराडं धूर नाहीसा करत नाही, गल्लीत सोडतं. वस्ती दाट असेल तर तो शेजारच्या खिडकीतून आत येतो. धुराडं म्हणजे मोक्ष आहे असा माझा दावा नाही. पण तीन महिन्यांचं बाळ चुलीपासून चार हातांवर झोळीत आहे, त्याच्यासाठी गल्ली आणि घर यांत मोठा फरक पडतो.

तिसरी गोष्ट थोडक्यात, पण ती जिवावरची आहे. धूर दिसतो म्हणून आपण त्याला भितो. पण न दिसणारा वायूही मारतो. लाकूड जळून निखारे झाले, धूर थांबला, की आपल्याला वाटतं आता बाधा नाही. तीच शेगडी थंडीत खोलीत घेऊन, दारंखिडक्या लावून माणसं झोपतात आणि सकाळी उठत नाहीत. निखाऱ्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला वास नाही, रंग नाही. रक्तातलं हिमोग्लोबिन ऑक्सिजनपेक्षा त्याला दोनशेपटीहून अधिक जोरानं धरून ठेवतं. डोकं दुखतं, मळमळतं, झापड येते, आणि झापड आली की उठून दार उघडायची शुद्धच राहत नाही. बंद खोलीत निखारे ठेवून झोपायचं नाही, या नियमाला अपवाद नाही. बाळंतिणीच्या खोलीतही नाही.

आपला बंब आठवतो? तांब्याचा, मधून नळी, नळीत करवंट्या, सोडणं, चिपाडं. जुन्या घरांत तो अंगणात नाहीतर परसात असायचा, किंवा न्हाणीघर तरी वरून उघडं. त्यामागं बराच शहाणपणा होता. बंब बंद न्हाणीत आणला की तोच सापळा. आता फ्लॅटमध्ये बंब दिवाणखान्यात येतो आणि त्यात प्लास्टिकची फुलं असतात, तेव्हा तो निरुपद्रवी झालाय. पण त्याच फ्लॅटच्या बंद न्हाणीत गॅस गिझर असतो, आणि खिडकीच्या फटी थंडी लागते म्हणून कोणीतरी कागद कोंबून बुजवलेल्या असतात. इंधन बदललं, चूक तीच.

आणि भाजणं. जमिनीवरची चूल आणि रांगतं पोर, चुलीपुढं वाकलेली बाई आणि सिंथेटिक साडीचा पदर, ओली लाकडं पेटेनात म्हणून वरून ओतलेलं रॉकेल. यातल्या कुठल्याही जोडीला वेगळ्या भाष्याची गरज नाही. पदर खोचा, चुलीभोवती हातभर जागा मोकळी ठेवा, पेटत्या किंवा धुमसत्या चुलीत रॉकेल कधीही ओतू नका. भाजलं तर त्यावर हळद, टूथपेस्ट, शाई काही लावू नका. वीस मिनिटं साध्या वाहत्या पाण्याखाली धरा आणि दवाखाना गाठा. राख गार झाली असं समजून उकिरड्यावर टाकू नका. तिच्यातले निखारे वरून काही दिसत नसताना दुसऱ्या दिवसापर्यंत जिवंत असतात आणि वैशाखात कडब्याच्या गंजीला एक ठिणगी पुरते.

आता शेवटच्या प्रश्नाकडं येतो. हे सगळं पाळायचं कोणी?

मुंबई उच्च न्यायालयानं जानेवारी 2025 मध्ये लाकूड-कोळशावर चालणाऱ्या मुंबईतल्या बेकऱ्यांना आणि तंदूरवाल्यांना सहा महिन्यांत स्वच्छ इंधनाकडं वळायला सांगितलं. बरं झालं. बेकरीला परवाना असतो, परवान्यावर नाव असतं, नावावर नोटीस निघते. घरातल्या चुलीला परवाना नाही आणि तो असूही नये. गरिबाच्या चुलीवर इन्स्पेक्टर पाठवायच्या मी पूर्ण विरोधात आहे. पण म्हणून सगळी जबाबदारी जिच्या नाकातोंडात धूर जातो तिच्यावरच टाकायची का? लाकूड तिनं आणायचं, वाळवायचं, फुंकायचं, धुराडं तिनं झाडायचं आणि खोकलाही तिनंच काढायचा? तिकडं इंग्लंडमध्ये घरमालक, विमावाला, धुराडं झाडणारा, नगरपालिका असे चार जण त्या शेगडीला बांधलेले आहेत. इकडं एक बाई.

मला नवा कायदा नकोय. आहे त्यात थोडी जागा हवीय. प्रधानमंत्री ग्रामीण आवास योजनेतल्या घरकुलाचं किमान क्षेत्रफळ 25 चौरस मीटर ठरवलंय आणि त्यात स्वच्छ स्वयंपाकासाठी वेगळी जागा असावी असं नियमातच लिहिलंय. लिहिलंय! प्रत्यक्षात मी पाहिलेल्या कितीतरी घरकुलांत ती जागा म्हणजे एक कोपरा. वर सपाट स्लॅब, धुराला बाहेर पडायला विटेएवढीही फट नाही. जुन्या कौलारू घरात धूर निदान कौलांच्या सांदीतून जायचा. नव्या पक्क्या घरात चूल पेटवली तर तो जाणार कुठं? म्हणून बाई चूल अंगणात घेते आणि पावसाळ्यात पुन्हा आत आणते.

घरकुलाचे हप्ते कसे मिळतात हे इथं बसलेल्या ग्रामसेवकांना, सरपंचांना ठाऊक आहे. कामाच्या टप्प्याटप्प्यावर जागेच्या नोंदीसह मोबाइलवर फोटो काढावा लागतो, तो चढला की पैसे सुटतात. फोटो काढायला माणूस येतोच. त्याच मोबाइलवर आणखी एक फोटो घ्या, स्वयंपाकाच्या कोपऱ्याच्या वर स्लॅबमध्ये ठेवलेल्या धुराड्याच्या भोकाचा. भोक दिसलं नाही तर पुढचा हप्ता थांबवा. आणि मे महिन्यात, पाऊस लागायच्या आधी, गावातली धुराडी झाडून टोप्या बसवून देणारा एक माणूस ग्रामपंचायतीनं रोजंदारीवर नेमावा. नळाची गळती काढायला नेमतो तसाच. त्याचा दर काय असावा, पैसे वित्त आयोगाच्या निधीतून काढता येतील की पाणीपट्टीसारखे घरामागं घ्यावे लागतील, यावर आजच्या प्रश्नोत्तरांत सरपंच मंडळींनी मला अडवावं अशी माझी इच्छा आहे. दोघांचे हात वर झालेले मला दिसतायत, त्यांच्यापासूनच सुरू करू.